रोममध्ये नसलेलं अक्षर

सेमिनरीत जाण्याआधी फादर लिअँडर थोनेस
आयोवातल्या दुकानांच्या पाट्या रंगवायचे.
अंडी डझनाला बावीस सेंट. मक्याचं बियाणं.
ग्रेबर आणि मुलगे, फर्निचर व शवपेट्या.
हे त्यांनी कधी लपवलं नाही. प्रवचनात एकदा म्हणाले,
देवाची हाक आली तेव्हा मी शिडीवर होतो,
हातातलं अक्षर पुरं करूनच उतरलो.

माझे वडील थडग्यांचे दगड घडवायचे,
नदीकाठी, बर्फाच्या जुन्या गोदामात.
फादर सोमवारी यायचे,
काळ्या झग्यावर बाबांचं चामडी एप्रन बांधून.
आधी चपटा कुंचला, मग छिन्नी.
काळ्या पाटीच्या दगडावर ते ओल्या गेरूची उभी रेघ ओढत,
तळाशी पोचता पोचता मनगट जरासं वळवत,
आणि रेघेला पाय फुटायचा.
"लोक म्हणतात, हा पाय छिन्नीने काढला.
छिन्नी बिचारी मागाहून आली.
दगड कुणाचं ऐकत असेल तर कुंचल्याचं."
मी चौदा वर्षांचा. मला वाटायचं, दगड कुणाचंच ऐकत नाही.

तरुणपणी रोममध्ये एक अख्खा उन्हाळा
त्यांनी परांचीवर काढला होता, एका शिलालेखाला नाक लावून.
कागदावर मेण घासून उतरवलेली ती अक्षरं
गुंडाळून पलंगाखाली ठेवलेली असत,
बुटांच्या शेजारी.

फेब्रुवारीत निक विर्ट्झ आला,
बटणांच्या कारखान्यातला, बोटांच्या पेरांत शिंपल्यांची भुकटी.
मुलगी अकरा दिवस जगली.
वाल्बुर्गा विर्ट्झ.
त्याला परवडणारा दगड पावाच्या लादीएवढा.

फादरांनी गुंडाळी उलगडली.
काय नाही ते त्यांना पाठ होतं, तरी शोधत राहिले.
"एवढं साम्राज्य," ते म्हणाले,
"आणि या पोरीचं पहिलं अक्षर त्यांच्याकडे नाही."
डब्ल्यू. तोही दोनदा.
यूच्या जागी त्यांनी रोमच्या रिवाजाने व्ही घातला,
तर निकची बायको कॅटरिन म्हणाली,
"ही कोण वाल्ब्वर्गा? माझी नाही."
फादर लाजले. यू काढला.

डब्ल्यू मात्र बसेना.
दोन व्ही शेजारी मांडले तर अर्धा दगड खाऊन टाकत,
आवळले तर तारांच्या कुंपणासारखे दिसत.
आठवडाभर जुन्या वर्तमानपत्रांवर डब्ल्यूच डब्ल्यू.
गव्हाच्या भावांवर, लिलावांवर, कुणाच्या लग्नावर.
शेवटी त्यांनी एकाचा हात दुसऱ्याच्या पुढून नेला,
मधे दोघे एकमेकांना छेदून गेले,
आणि जागा झाली.

दगडावर गेरू ओलाच होता. कॅटरिनने विचारलं नाही,
तर्जनी ठेवली आणि अक्षर गिरवलं,
वर, खाली, वर, खाली,
जशी शाळेत मुलं गिरवतात.
शेवटच्या टोकाची बारीक रेघ
तिच्या बोटाबरोबर उजवीकडे फरफटत गेली.

बाबांनी ओलं फडकं उचललं.
फादर म्हणाले, "राहू दे."
"पण हे चुकलंय."
"दिसतंय मला. तसंच कोर."

बाबांनी कोरलं. आयुष्यभर कुरकुरले.

आता कधीमधी माणसं येतात, फूटपट्ट्या घेऊन,
उकिडवी बसतात, टोकाचं माप घेतात.
एकजण म्हणाला, तोवर म्हाताऱ्याचा हात कापत असावा.
मी त्याला कॉफी दिली.

फादरांचा दगड मी घडवला.
लिअँडर थोनेस. सगळी अक्षरं रोमची,
एकेक त्यांच्या गुंडाळीवरून उचललेलं.
कुठे अडलो नाही, दुपारच्या आत झालं.
इतक्या लवकर व्हायला नको होतं.